बालाघाटातली दोन दिवसांची पायी भटकंती : आधी पाणी, मग वाट

सह्याद्रीपासून हरिश्चंद्रगडाच्या बाजूने फुटलेली बालाघाटाची रांग अहिल्यानगर जिल्हा ओलांडून बीडमध्ये शिरते आणि आष्टी, पाटोदा, बीड, केज, धारूर, अंबाजोगाई, परळी अशी पसरत पुढे लातूरकडे जाते. गोदावरी आणि भीमा या दोन मोठ्या खोऱ्यांमधला दुभाजक म्हणजे हीच रांग. तिच्या उत्तरेला गंगथडीची, म्हणजे गोदाकाठची काळी सपाट जमीन आहे. दक्षिणेला माळरान आहे आणि त्या माळातूनच, पाटोदा तालुक्यात, मांजरा उगम पावते. सिंदफणा आणि बिंदुसरा उत्तरेला उतरून गोदावरीचे पाणी वाढवतात. विंचरणा सौताड्याच्या दरीतून जामखेडकडे जाऊन सीनेला, म्हणजे पुढे भीमेला मिळते.

ताडोबा, पेंच, नवेगाव, गुगामल, संजय गांधी आणि चांदोली ही महाराष्ट्रातली सहा राष्ट्रीय उद्याने. त्यांतले एकही मराठवाड्यात नाही. बीडकरांना पाठीवर पिशवी टाकून डोंगरात दोन दिवस काढायचे असतील तर बहुतेक जण थेट अकोले तालुक्यातल्या रानात, कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्याकडे निघतात. ती वाट चांगलीच आहे, पण घरचा डोंगर त्यामुळे न पाहिलेला राहतो. बालाघाटात पाहण्याजोगे पुष्कळ आहे. तिथल्या मुक्कामाचे नियोजन मात्र सह्याद्रीच्या सवयीने करून चालत नाही.

सह्याद्रीत प्रश्न उंचीचा असतो. कळसूबाईचे शिखर १,६४६ मीटरवर आहे आणि तिथे चढाईच दमवते. बालाघाटाचे माथे बहुतेक ६०० ते ९०० मीटरच्या दरम्यान आणि वरून सपाट आहेत. गंगथडीतून घाट चढला की पुढे मैलोन्‌मैल माळ लागतो. मधूनच तो माळ तुटतो आणि पायाखाली दरी येते. चढ थोडा आणि सावलीही थोडी. माथ्यावर गवत, तरवड, बोरी, बाभळी. उतारावर धावडा, सालई, पळस, सीताफळ. ऊन डोक्यावर आले की आडोसा शोधावा लागतो. त्याहून अवघड गोष्ट पाण्याची. हा सगळा डोंगर बेसाल्टचा, म्हणजे लाव्हाच्या थरांवर थर बसून तयार झालेला. त्या थरांमधल्या फटींतून पाणी झिरपते आणि कड्याच्या कुशीत झरा होऊन बाहेर पडते, पण खडकात साठा फार काळ टिकत नाही. भाद्रपदात खळाळणारा ओढा पौषात नुसता गोट्यांचा पट्टा झालेला असतो. केज तालुक्यातल्या धनेगावचे मांजरा धरण २०१६ च्या उन्हाळ्यात आटले आणि लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी न्यावे लागले, ही गोष्ट सगळ्या देशाने पाहिली. धरणाची ही गत होते तिथे डोंगरातल्या टाक्याच्या भरवशावर मुक्काम ठरवणे धोक्याचे आहे. म्हणून बालाघाटात आधी पाणी ठरवावे, मग मुक्काम आणि शेवटी वाट.

पहिला निर्णय हंगामाचा. जिल्हा पर्जन्यछायेत आहे. पावसाळ्यात सह्याद्रीला लागते तशी झड इथे क्वचितच लागते. जून-जुलैत उघडीप अनेकदा लांबते आणि सप्टेंबरमध्ये, परतीच्या वाटेवर, पाऊस एकदम कोसळतो. २०२५ च्या सप्टेंबरमध्ये सिंदफणा आणि मांजरा यांच्या काठच्या गावांनी अशा पावसाचा पूर सोसला. या महिन्यात धबधबे सर्वांत देखणे असतात आणि दऱ्या सर्वांत धोकादायक. दिवसा पाहून संध्याकाळपर्यंत परतावे. दरीत तंबू लावू नये. वर लख्ख ऊन असले तरी मागच्या माळावर पडलेल्या पावसाचे पाणी तासाभरात ओढ्याला येते.

मुक्कामासाठी खरा हंगाम ऑक्टोबरच्या मध्यापासून जानेवारीअखेरपर्यंतचा. ऑक्टोबरची दुपार तापते, पण झरे जिवंत असतात, गवत हिरवे-पिवळे असते आणि सीताफळे पिकू लागलेली असतात. बीडच्या सीताफळाला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, अंबाजोगाईला या फळाचे संशोधन केंद्र आहे, पण त्याची खरी गोडी कळते ती घाटाच्या तोंडाशी पाटी घेऊन बसलेल्या बायकांकडून घेतलेल्या फळात. डिसेंबर-जानेवारीत शिवारात ज्वारी हुरड्यावर येते. रात्री थंडी चांगलीच जाणवते आणि आकाश स्वच्छ असते. फेब्रुवारीनंतर पळस फुलतो, तेव्हा दिवसभराची फेरी करावी, मुक्काम नको: पाणी संपत आलेले असते आणि वाळल्या गवताला ठिणगी पुरते. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशी ओलांडतो. त्या दिवसांत या माळावर ओझे घेऊन चालू नये.

विजेचा विचार वेगळा करावा लागतो. मराठवाड्यात मान्सूनपूर्व वळवाच्या दिवसांत आणि परतीच्या पावसात वीज पडून माणसे आणि जनावरे दगावतात. सपाट माथ्यावर उभा माणूस हीच सर्वांत उंच वस्तू ठरते. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसम विज्ञान संस्थेचे ‘दामिनी’ हे मोबाइल अ‍ॅप आसपासच्या विजेचा इशारा देते. निघण्यापूर्वी ते घ्यावे. पण माथ्यावर रेंज असेलच असे नाही. गडगडाट ऐकू आला की माथा सोडून खाली यावे, एकट्या झाडाखाली उभे राहू नये, उघड्यावर सापडल्यास पाय जुळवून उकिडवे बसावे, आडवे पडू नये.

जागा निवडताना बीडमध्ये चार ठिकाणे आधी डोळ्यांपुढे येतात.

पाटोदा तालुक्यातले नायगाव मयूर अभयारण्य १९९४ मध्ये घोषित झाले. क्षेत्र सुमारे ३० चौरस किलोमीटर, म्हणजे अभयारण्य म्हणून लहानच. पण खास मोरांसाठी राखलेले रान म्हणून त्याचे मोल मोठे. पहाटे आणि दिवस मावळताना मोर माळावर उतरतात. चिंकारा, ससा, खोकड यांचाही वावर आहे. इथे फेरी दिवसाची ठेवावी, त्याचे कारण पुढे कायद्याच्या ओघात येईल.

सौताडा याच तालुक्यात, जामखेडच्या बाजूला. सपाट माळावरून येणारी विंचरणा इथे एकदम दरीत झेपावते आणि खाली, दरीच्या तळाशी, रामेश्वराचे देऊळ आहे. पायऱ्या उतरून देवळापर्यंत जाता येते. बालाघाटाची सारी घडण एका दृष्टीत समजावी अशी ही जागा आहे: वर माळ, मध्ये थरांचा कडा, खाली हिरवी घळ. पहिल्यांदाच जाणाऱ्यांनी सुरुवात इथूनच करावी.

बीडपासून सुमारे वीस किलोमीटरवर, मांजरसुंब्याजवळ कपिलधार आहे. तिथे वीरशैव संत मन्मथस्वामींची समाधी आहे आणि बाजूलाच कड्यावरून पडणारी धार. कार्तिकी पौर्णिमेच्या यात्रेला लातूर-नांदेडकडून दिंड्या चालत येतात. त्या दिवसांत शांत मुक्कामाची अपेक्षा ठेवू नये. पण पायी प्रवासाचे नियोजन शेकडो माणसे पिढ्यान्‌पिढ्या कसे करत आली हे ज्याला पाहायचे आहे, त्याने नेमके तेव्हाच जावे. दिंडीचा पुढचा मुक्काम, तिथले पाणी आणि तिथला स्वयंपाक महिनाभर आधी ठरलेला असतो. डोंगरयात्रेच्या नियोजनाचा हा इथला सर्वांत जुना आणि सर्वांत पक्का नमुना आहे.

चौथी बाजू पूर्वेची, धारूर-अंबाजोगाईची. धारूरचा किल्ला आदिलशाहीतल्या किश्वरखान लारीने १५६७ च्या सुमारास बांधला आणि दोनच वर्षांत तो निजामशाहीकडे गेला. तीन बाजूंना खोल दरी असलेल्या पठाराच्या टोकावर तो उभा आहे. किल्ल्यात खारी दिघी आणि गोडी दिघी असे दोन तलाव आहेत; या डोंगरात राहायचे तर पाणी आधी बांधून काढावे लागते, हे किल्ला बांधणाऱ्यांनी पुरते ओळखले होते. अंबाजोगाईला हत्तीखाना नावाने ओळखली जाणारी लेणी, दासोपंतांची समाधी आणि गावाबाहेर दरीच्या काठाने जाणाऱ्या वाटेवर मुकुंदराजांचे समाधिस्थान आहे. नागनाथ आणि बुट्टेनाथ ही ठिकाणेही त्याच परिसरात. दिवसभर चालून संध्याकाळी गावात परतण्यासाठी यापेक्षा सोयीची जागा जिल्ह्यात नाही. किल्ला आणि लेणी या पुरातन वास्तू आहेत. त्यांच्या आवारात तंबू लावणे किंवा चूल पेटवणे गैर आहे. गहिनीनाथगड आणि नारायणगड या नावांवरून तटबंदीची अपेक्षा करू नये. ती वारकऱ्यांची संस्थाने आहेत. पण गरजेला छप्पर आणि पाणी मिळण्याची शक्यता अशाच ठिकाणी जास्त.

आता परवानगी. अभयारण्यात रात्री राहणे हा आवडीनिवडीचा प्रश्न नाही. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम १९७२ च्या कलम २७ नुसार तिथे राहणारे लोक, कर्तव्यावरचे कर्मचारी अशा मोजक्या व्यक्ती सोडल्या तर परवान्याशिवाय अभयारण्यात जाता येत नाही. कलम २८ मध्ये परवाना कोणत्या कामांसाठी देता येतो ते दिले आहे. अभ्यास, छायाचित्रण आणि पर्यटन त्यांत येतात. कलम ३० आग लावण्यास मनाई करते, कलम ३१ परवानगीशिवाय शस्त्र नेण्यास. म्हणजे नायगावच्या रानात शेकोटी करणे हा थेट गुन्हा आहे. अभयारण्याबाहेरचे राखीव वनही मोकळे नाही. भारतीय वन अधिनियम १९२७ च्या कलम २६ खाली तिथेही आग आणि अनधिकृत प्रवेश यांवर बंदी आहे. बालाघाटातली बरीचशी हिरवी टेकाडे वनखात्याच्या ताब्यात आहेत आणि शेजारचा माळ गायरान किंवा खासगी असतो. डोळ्यांना हद्द दिसत नाही. म्हणून जाण्यापूर्वी त्या भागाच्या वनपरिक्षेत्र कार्यालयात लेखी अर्ज द्यावा. नावे, तारीख, वाट आणि मुक्कामाची जागा त्यात लिहावी.

तंबू लावण्यासाठी सर्वांत चांगली आणि निर्वेध जागा म्हणजे शेतकऱ्याचे रान. मालकाला आधी भेटून विचारले की वस्तीजवळचे पडीक शेत, विहिरीचे पाणी आणि बहुधा चार आपुलकीचे शब्दही मिळतात. हुरड्याच्या दिवसांत अनेक शेतकरी पाहुण्यांची सोय पैसे घेऊन करतात. त्यात संकोच कोणी बाळगू नये. मोबदला ठरवून द्यावा.

वाटेसाठी भारतीय सर्वेक्षण विभागाचे १:५०,००० प्रमाणाचे नकाशे उपयोगी पडतात. त्यात नकाशावरचा एक सेंटिमीटर म्हणजे जमिनीवरचे ५०० मीटर आणि उंचीच्या रेषा वीस-वीस मीटरवर. त्या रेषा जिथे एकमेकींना खेटतात तिथे कडा असतो, हे एवढे जरी वाचता आले तरी अर्धे काम होते. माथ्यावरच्या पवनचक्क्या आता दुरून खूण म्हणून कामाला येतात, पण त्यांच्यासाठी केलेले नवे रस्ते जुन्या नकाशांत नाहीत. विल्यम नेस्मिथ या स्कॉटिश गिर्यारोहकाने १८९२ मध्ये मांडलेला ठोकताळा आजही वापरला जातो: तासाला पाच किलोमीटर आणि दर ६०० मीटर चढाला एक तास जास्त. हे गणित थंड हवेच्या मुलखातले आहे. बालाघाटात ओझ्यासह तासाला तीन किलोमीटर धरावेत. सकाळी साडेसहाला निघावे, बारा ते तीन सावलीत काढावे आणि साडेचारला मुक्कामावर पोहोचावे. हिवाळ्यात सहाच्या आतबाहेर सूर्य मावळतो आणि तंबू अंधारात लावण्याची वेळ येऊ देऊ नये. या हिशेबाने वीस किलोमीटरही होऊ शकतात, पण दिवसाची चाल दहा-बारा किलोमीटरच ठेवावी, तेवढी पुरे.

पाण्याचा हिशेब मात्र कागदावर करावा. चालत्या माणसाला प्यायला दिवसाला तीन ते चार लिटर, स्वयंपाकाला आणि भांड्यांना एक-दीड लिटर. माणशी पाच लिटर धरले तर चौघांना दोन दिवसांचे चाळीस लिटर, म्हणजे चाळीस किलो पाणी होते. एवढे पाठीवर नेता येत नाही. त्यामुळे दोनच मार्ग उरतात. एक, मुक्काम पाण्याच्या खात्रीच्या जागेशी, म्हणजे गाव, वस्ती, मठ किंवा देवळाजवळ ठेवायचा. दुसरा, आदल्या दिवशी गाडीरस्त्याने जाऊन मुक्कामावर पाण्याचे जार ठेवून यायचे. वीस लिटरचे जार आता जवळजवळ प्रत्येक मोठ्या गावात मिळतात. दिवसाच्या चालीत प्रत्येकाने तीन लिटर स्वतःकडे ठेवावे आणि ते संपण्यापूर्वी पुढचे पाणी आले पाहिजे अशी वाट आखावी. झऱ्याचे पाणी स्वच्छ दिसले तरी उकळावे किंवा क्लोरिनच्या गोळ्या टाकाव्यात. तुरटीने गढूळपणा बसतो, जंतू मरत नाहीत. विहिरीचे पाणी विचारून घ्यावे आणि तिच्या काठावर साबण लावू नये. ज्या गावात उन्हाळ्यात टँकर येतो त्या गावाचे हिवाळ्यातले पाणीही मोजकेच असते.

सामानाची यादी लांबवण्यात अर्थ नाही. या मुलखाला लागणाऱ्या काही गोष्टी तेवढ्या लक्षात ठेवाव्यात. बाभळीचा काटा पातळ तळव्याच्या बुटातून आरपार येतो, तेव्हा बूट जाड तळव्याचे हवेत. तंबूखाली ताडपत्री हवी, नाहीतर काटे आणि कुसळे तळ फाडतात. कुसळी गवतातून चालताना मोजे आणि पँटचे पाय गच्च भरतात. गुळगुळीत कापडाची पँट बरी. कान झाकेल असे उपरणे दिवसा उन्हाला आणि रात्री गारठ्याला दोन्हीकडे चालते. प्रत्येकाकडे स्वतःचा टॉर्च असावा. जेवणाला मराठवाड्याचा जुना शिधाच उत्तम आहे: धपाटे, दुधात भिजवलेल्या दशम्या, शेंगदाण्याची चटणी, ठेचा, गूळ. दोन दिवस टिकते, शिजवावे लागत नाही, म्हणजे आग नको आणि पाणीही कमी लागते. चहासाठी छोटा गॅस पुरतो, तोही गवत साफ केलेल्या मोकळ्या जमिनीवर.

तंबूची जागा ओढ्याच्या पात्रात नको, कड्याच्या काठाशी नको आणि पाणवठ्याच्या तोंडाशीही नको, कारण रात्री ती वाट जनावरांची असते. दगडांच्या राशीजवळ फुरसे आणि घोणस असू शकतात. नाग आणि मण्यारही या भागात आहेत. बूट घालण्यापूर्वी झटकावेत, दगड हाताने उलटू नये, अंधारात टॉर्चशिवाय पाऊल टाकू नये. साप चावल्यास कापणे, चोखणे, आवळून बांधणे यांतले काहीही करू नये. चावलेला अवयव हलू न देता रुग्णाला लगेच प्रतिविष मिळेल अशा रुग्णालयात न्यावे. बीडचे जिल्हा रुग्णालय आणि अंबाजोगाईचे स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय ही दोन मोठी ठिकाणे. आखलेल्या वाटेवरून डांबरी रस्ता किती दूर आहे, हे प्रत्येक टप्प्यावर माहीत असले पाहिजे. कड्यांच्या कपारीत आग्या मोहोळे असतात; तिथे धूर, आरडाओरडा, अत्तर काही नको. धबधब्याच्या वरच्या ओल्या खडकावर जाऊ नये आणि अनोळखी डोहात उतरू नये.

बिबट्याचा विषय टाळता येणार नाही. २०२० च्या अखेरीस आष्टी तालुक्यात बिबट्याच्या हल्ल्यांत माणसे मृत्युमुखी पडली आणि शेवटी डिसेंबरमध्ये करमाळा तालुक्यात एका बिबट्याला ठार करण्यात आले. तशी परिस्थिती नेहमी नसते. तरीही एकट्याने रात्री बाहेर पडू नये, लहान मुलांना मध्ये झोपवावे, खरकटे तंबूजवळ टाकू नये आणि अलीकडे बिबट्या दिसल्याची चर्चा गावात असेल तर मुक्काम बिनतक्रार रद्द करावा.

निघण्याआधी आणखी एक वास्तव समजून घ्यायला हवे. भटकंतीचा जो उत्तम हंगाम, तोच ऊसतोडीचाही हंगाम. दसरा-दिवाळी उरकली की पाटोदा, आष्टी, धारूर, केज या डोंगरपट्ट्यातली कुटुंबे कोयता घेऊन पश्चिम महाराष्ट्राच्या आणि कर्नाटकाच्या कारखान्यांकडे जातात आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी परततात. वाड्या-तांड्यांवर म्हातारी माणसे आणि शाळेची मुले उरतात. वाटाड्या ऐनवेळी मिळेल, कोणीतरी जेवण करून देईल, अशा आशेवर जाऊ नये. सरपंचाशी किंवा पोलीस पाटलाशी आधी बोलून ठेवावे. घरी एकट्याच असलेल्या आजीने प्रेमापोटी भाकरी पुढे केली तर तिच्या डब्यातले पीठ किती उरले असेल याचाही विचार पाहुण्याने करावा, आणि सोबत नेलेला शिधा तिथे ठेवून निघावे.

पोहोचण्याची सोय पूर्वीपेक्षा सुधारली आहे. परळीला रेल्वे पूर्वीपासून आहे. अहिल्यानगर ते बीड गाडी १७ सप्टेंबर २०२५ रोजी, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी सुरू झाली. तालुक्याच्या गावापर्यंत एसटी जाते. तिथून डोंगराच्या पायथ्यापर्यंत आणि परतीसाठी जीप किंवा रिक्षा आदल्या दिवशीच ठरवावी, कारण दुपारनंतर आडवाटेला वाहन मिळत नाही.

वाट, सोबत्यांची नावे आणि परतण्याची वेळ लिहिलेला कागद घरी एक आणि पायथ्याच्या गावात एक ठेवावा. रुग्णवाहिकेसाठी १०८, इतर आपत्कालीन मदतीसाठी ११२ आणि वणवा किंवा जखमी वन्यप्राणी दिसल्यास वनखात्याचा १९२६ हे क्रमांक प्रत्येकाच्या खिशात कागदावर असावेत, कारण मोबाइलची बॅटरी संपते. कचऱ्यासाठी एक रिकामी गोणी सुरुवातीपासूनच सोबत घ्यावी. बालाघाटाच्या माळावर कचरा उचलायला कोणतीही गाडी येत नाही. प्लास्टिक गाई-शेळ्यांच्या पोटात जाते आणि बाटल्या पहिल्या पावसात ओढ्याला लागून गावाच्या तळ्यात उतरतात. ती गोणी भरून तालुक्याच्या गावापर्यंत परत आणावी.